झोल्तान : एका हंगेरियन नावाची कुळकथा



विषयाची पाटी वाचून आपल्यापैकी काहींच्या मनात शंका आली असेल. हंगेरीसारख्या दूरच्या देशातल्या मुलाच्या एका नावावर व्याख्यान देण्यासारखे असते तरी काय? नाव ही हाक मारण्यापुरती सोय! पण बारशाच्या दिवशी आत्या पाळण्याशी वाकून बाळाच्या कानात नाव सांगते, तेव्हा ती त्या बाळाला त्याच्या आधीच्या माणसांच्या रांगेत नेऊन बसवीत असते. नाव हे माणसापेक्षा वयाने नेहमीच मोठे असते. मी आज ज्या नावाची हकिगत सांगणार आहे, त्याचे वय हजार वर्षांहून अधिक आहे. मधली कित्येक शतके ते जवळजवळ झोपून होते; जागे झाले आणि एका समाजाच्या अडचणीच्या काळात त्याच्या उपयोगी पडले.

हे नाव आहे झोल्तान. 'झोप' या शब्दातला आपला मराठी झ घ्या, पहिल्या अक्षरावर जोर द्या, आणि शेवटचा 'तान' लांबवा; म्हणजे उच्चार बराचसा जमेल. लाडाने त्याचे 'झोली' होते. हंगेरीत आडनाव आधी आणि स्वतःचे नाव मागून असा रिवाज आहे. आपल्या शाळेच्या हजेरीपटात असते ना, तसा. म्हणून तिथला थोर संगीतकार घरात आणि दारात 'कोदाय झोल्तान' असतो. वर्षातला प्रत्येक दिवस कोणत्या ना कोणत्या नावाचा मानण्याचीही तिथे प्रथा आहे. झोल्तानचा दिवस ८ मार्च. तोच जागतिक महिला दिन असल्यामुळे, शुभेच्छा घ्यायच्या की द्यायच्या, असा पेच त्या दिवशी घरोघरच्या झोल्तानांना पडत असेल!

आता अर्थ. भाषापंडितांच्या सर्वसाधारण मताप्रमाणे झोल्तान म्हणजे सुलतान. हा शब्द आपल्याला सांगण्याची गरज नाही. पावसाने दगा दिला की अस्मानी आणि सरकारने सारा वाढविला की सुलतानी, हे आपला शेतकरी पिढ्यान्‌पिढ्या म्हणत आला आहे. मूळ शब्द अरबी. त्याचा पहिला अर्थ माणूस असा नव्हताच. सत्ता, अधिकार असा होता. पुढे सत्ता ज्याच्या हाती, त्या पुरुषालाच सुलतान म्हणू लागले, आणि महंमूद गझनवीच्या सुमारास ती राजाची पदवी म्हणून रूढ झाली.

इथेच कोडे उभे राहते. २९ ऑगस्ट १५२६ रोजी मोहाचच्या मैदानावर सुलतान सुलेमानच्या फौजेने हंगेरीच्या सैन्याचा धुव्वा उडविला. तरुण राजा लायोश त्या पळापळीत प्राणाला मुकला. १५४१ मध्ये राजधानी बुडा तुर्कांच्या हाती गेली आणि १६८६ पर्यंत, म्हणजे १४५ वर्षे, तिथे पाशाचा अंमल राहिला. मग ज्या सुलतानाने देश उद्ध्वस्त केला, त्याचीच पदवी हंगेरियन आई आपल्या लेकराला हौसेने कशी देते?

उत्तर असे की, हा शब्द हंगेरीत दोनदा आला आणि दोन वाटांनी आला. आपल्या भाषेत 'क्षेत्र' आणि 'शेत' हे शब्द मुळात एकच. पण पंढरपूरच्या क्षेत्राला आपण शेत म्हणत नाही आणि बांधावरच्या शेताला क्षेत्र म्हणत नाही. एक जन्मापासून घरात वाढला, दुसरा पुढे पोथीतून आला. हंगेरियन भाषेतही तसेच झाले. इस्तंबूलच्या बादशहाला ते 'सुल्तान'च म्हणतात. झोल्तान हा त्याचा कितीतरी जुना भाऊ. इस्तंबूल तुर्कांचे होण्याच्या पाच शतके आधी हंगेरियनांच्या घरात आलेला.

तो कसा आला, हे समजण्यासाठी थोडे मागे जावे लागेल. हंगेरियन लोक स्वतःला मॉद्यॉर म्हणवतात. त्यांची भाषा युरोपातल्या बहुतेक भाषांच्या कुळातली नाही. तिचे दूरचे नाते फिनलंडच्या भाषेशी आहे. पण आजच्या हंगेरीत येण्यापूर्वी हे लोक काळ्या समुद्राच्या उत्तरेकडील गवताळ मैदानांत, तुर्की बोलणाऱ्या टोळ्यांच्या सहवासात दीर्घकाळ राहिले. त्या शेजारात त्यांनी कितीतरी शब्द उचलले. गव्हाला ते बूझा म्हणतात, सफरचंदाला ऑल्मा, सातूला आर्पा. हे सारे शब्द तुर्की. व्होल्गेच्या पाणवाटेने अरबांचा व्यापार चालत असे, आणि राजपदवी म्हणून रूढ होण्यापूर्वीही 'सुलतान' हा शब्द अधिकारी पुरुषाला लावीत. मालाबरोबर असे शब्दही प्रवास करतात. त्या मैदानांतच हा शब्द मॉद्यॉरांच्या कानी पडला असावा.

इ. स. ८९५ च्या सुमारास या टोळ्या कार्पेथियन पर्वत ओलांडून डॅन्यूबच्या खोऱ्यात उतरल्या. त्यांचा नायक आर्पाद. त्याच्या नावात तोच सातूचा 'आर्पा' आहे. या आर्पादाच्या एका मुलाचे नाव बायझंटाईन सम्राट कॉन्स्टंटाईन याने इ. स. ९५० च्या आसपास आपल्या राजकारणविषयक ग्रंथात ग्रीक लिपीत 'झाल्तास' असे नोंदविले. आपल्या नावाची ही जुनी आणि भक्कम नोंद. बापाचे नाव सातू आणि मुलाचे सुलतान! या झोल्तानचा मुलगा तॉक्शोन्य, त्याचा मुलगा गेझा आणि गेझाचा मुलगा इश्त्वान, हंगेरीचा पहिला ख्रिस्ती राजा. हा झोल्तान स्वतः गादीवर बसला की नाही, याबद्दल इतिहासकारांत वाद आहे. नावात राजपद होते, हाती होते की नाही हे ठरत नाही. पण १३०१ पर्यंत चाललेला सारा आर्पाद राजवंश त्याच्याच रक्ताचा.

मग हे नाव मागे का पडले? त्याचे कारण त्याच्या पणतूच्या बारशात आहे. इश्त्वानचे जन्मनाव वायक. हेही तुर्की वळणाचे. बाप्तिस्म्याच्या वेळी ते पुसून ख्रिस्ती धर्मातील पहिला हुतात्मा संत स्टीफन याचे नाव त्याला देण्यात आले; इश्त्वान हे त्याचेच हंगेरियन रूप. इ. स. १००० च्या सुमारास त्याच्या मस्तकी मुकुट चढला आणि देशाचा रोख बदलला. पाळण्यात आता संतांची नावे आली. यानोश, पेतेर, पाल, दर्द्य. झोल्तान नावाचा संत कोणी नव्हता, म्हणून त्या नावाला पाळण्याजवळ जागा उरली नाही. शोल्ट नावाच्या एका गावात त्याची खूण राहिली. 'झ्योल्त' हे नाव त्याचेच जुळे भावंड मानतात. कारण जुन्या हस्तलिखितांत स, झ आणि त्यांच्या जवळच्या ध्वनींच्या खुणा एकमेकींत मिसळलेल्या असत, आणि एकच लिहिलेला शब्द दोघे दोन तऱ्हांनी वाचीत.

अशा झोपलेल्या नावाला जाग आली ती छापखान्यामुळे. इ. स. १२०० च्या सुमारास एका निनावी लेखकाने लॅटिनमध्ये हंगेरियनांच्या पराक्रमाची बखर लिहिली होती. ती १७४६ मध्ये व्हिएन्नात प्रथम छापून आली. तीत आर्पाद होता, त्याचा बाप आल्मोश होता आणि 'झुल्ता' नावाचा मुलगाही होता. तो काळ हाब्सबुर्ग घराण्याच्या अमलाचा. दरबाराची भाषा जर्मन, कायद्याची लॅटिन, आणि हंगेरियन ही नोकरचाकरांची बोली समजण्याची पद्धत. आपली भाषा मरते की काय, या चिंतेने व्याकूळ झालेल्या पिढीला ही जुनी नावे म्हणजे जमिनीत पुरलेला हंडा सापडावा तशी वाटली. त्याच पिढीच्या धडपडीतून १८४४ मध्ये हंगेरियन ही राज्यकारभाराची भाषा ठरली.

पण नाव पंडितांनी शोधून काढले म्हणून घराघरांत जात नाही. त्याला कोणीतरी प्रिय करावे लागते. ते काम योकाई मोर या कादंबरीकाराने केले. १८४८-४९ चा हंगेरीचा स्वातंत्र्यलढा चिरडला गेल्यानंतर, उघड बोलण्याची सोय नव्हती त्या दिवसांत, त्याने दोन जोड-कादंबऱ्या लिहिल्या. पहिलीचे नाव 'एक हंगेरियन नवाब'. होय, आपल्याकडचाच नवाब! आपला हा शब्द इंग्रजांबरोबर युरोपात गेला आणि तिथे 'नाबोब' होऊन गडगंज उधळ्या श्रीमंताला चिकटला. कादंबरीतला म्हातारा जमीनदार यानोश कार्पाती हा असाच खुशालचेंडू. पैसा, दारू आणि भाट यांत आयुष्य घालविलेला. उतारवयात तो सुधारतो आणि त्याला मुलगा होतो. १८५४ मधल्या दुसऱ्या कादंबरीला या मुलाचेच नाव आहे : 'कार्पाती झोल्तान'. १८३८ मध्ये डॅन्यूबला महापूर येऊन पेश्त शहर बुडाले. त्या पुराचे वर्णन या कादंबरीत आहे. बाप नवाब, मुलगा सुलतान. पण बापाने उधळले आणि मुलाने देशासाठी उभे राहावे, ही त्यातली खरी गोष्ट. हरलेल्या राष्ट्राला असा मुलगा हवाच होता. पाळण्यांना नाव मिळाले.

त्यानंतरच्या पिढीतलाच कोदाय झोल्तान. जन्म १६ डिसेंबर १८८२, केच्केमेतचा. वडील रेल्वेत नोकर. बालपण गालांता या लहान गावी गेले. बेला बार्तोक या मित्राबरोबर तो खेडोपाडी हिंडला आणि म्हाताऱ्या शेतकरणींच्या तोंडची गाणी त्याने फोनोग्राफच्या मेणाच्या नळकांड्यांवर उतरवून घेतली. या गाण्यांतला पाच सुरांचा साचा व्होल्गेकाठच्या मारी आणि चुवाश लोकांच्या गाण्यांशी जुळतो, हे त्याने दाखविले. ज्या मुलुखाकडून त्याचे नाव आले, त्याच मुलुखाकडे त्याला आपल्या गाण्याची पाऊलवाट जाताना दिसली. ६ मार्च १९६७ रोजी, आपल्या नावाच्या दिवसाला दोन दिवस असताना, तो वारला.

आता या कथेतला सर्वांत अवघड भाग. पहिल्या महायुद्धात हंगेरी हरला. ४ जून १९२० च्या ट्रियानाँ येथील तहाने देशाचा सुमारे दोनतृतीयांश प्रदेश गेला आणि तीस लाखांहून अधिक हंगेरियन लोक रातोरात दुसऱ्या देशांचे प्रजाजन झाले. कोदायचे गालांताही चेकोस्लोव्हाकियात गेले. आज ते स्लोव्हाकियात आहे. ट्रान्सिल्व्हेनिया रुमानियात गेला. तिथे पुढे, विशेषतः कम्युनिस्ट राजवटीत, जन्मनोंदणीच्या कचेरीत एक निराळेच संकट उभे राहिले. बापाने सांगावे इश्त्वान, कारकुनाने लिहावे श्तेफान. बापाने म्हणावे यानोश, कागदावर यावे इओन. नावाचे भाषांतर करता येते ना, मग करून टाका! तेव्हा आईबाप अशी नावे शोधू लागले की ज्यांना रुमानियन प्रतिशब्दच नाही : चाबा, लेव्हेंते, आणि आपला झोल्तान. ते लिहिले तर तसेच लिहावे लागे. ज्या कारणाने चर्चने हे नाव बाजूला सारले होते, म्हणजे त्या नावाचा संत नाही, तेच कारण आता त्याचे कवच झाले. संत नाही, म्हणून शेजारच्या भाषेत त्याचे दुसरे रूपही नाही.

पण ही कथा एकतर्फी सांगणे बरे नव्हे. १९१८ पूर्वी हंगेरीच्या हाती सत्ता होती, तेव्हा स्लोव्हाक आणि रुमानियन प्रजेवर हाच प्रयोग हंगेरियन कारकुनांनी केला होता. १८९५ पासून सरकारी जन्मनोंदणी सुरू झाली आणि त्या वह्यांत नावांची हंगेरियन रूपे लिहिली जाऊ लागली. १८९८ च्या कायद्यानंतर शेकडो गावांना हंगेरियन नावे चढविली गेली. दुसऱ्याच्या नावावर लेखणी फिरविण्यात सत्तेला मोठी गोडी वाटते. सत्ता कोणाची, हा प्रश्न दुय्यम.

आता या साऱ्यातली गंमत पाहा. ज्या नावाला धरून ट्रान्सिल्व्हेनियातला हंगेरियन बाप म्हणाला की, 'हे आमचे, याचे भाषांतर होत नाही', ते नाव जन्माने अरबी, वाढीने तुर्की. शुद्धतेचा हट्ट धरणारा एखादा गृहस्थ म्हणेल, हे तर उसने घेतलेले! पण मग बूझा टाका, ऑल्मा टाका, प्रत्यक्ष राष्ट्रपुरुष आर्पादही टाका. उरेल काय?

आपल्या घरातही हेच आहे. शहाजी या नावातला 'शहा' फारसी आहे. अहमदनगरच्या शाह शरीफ पीराच्या नावावरून मालोजीराजांनी मुलांची नावे शहाजी आणि शरीफजी ठेवली, अशी परंपरा सांगते. छत्रपती शिवाजी महाराजांनी राज्यव्यवहारकोश करवून दरबारातले फारसी शब्द बदलले. पण आपल्या तीर्थरूपांचे नाव कोणी बदलायला गेले नाही. शाहू महाराजांच्या कारकिर्दीतले एक सरलष्कर तर सुलतानजी निंबाळकर होते. म्हणजे ज्या शब्दाचा हंगेरीत झोल्तान झाला, त्याला आपण 'जी' जोडून घरचा केला.

सांगायचे ते एवढेच, श्रोतेहो. शब्द कुठून आला, हे कोशकाराने सांगावे. तो कोणाचा, हे मात्र त्याला ज्यांनी हाक मारली, ज्यांनी त्याला 'ओ' दिली आणि ज्यांनी अडचणीच्या दिवसांत तो सोडला नाही, ते ठरवितात. आज हंगेरीतल्या पुरुषांत अधिक आढळणाऱ्या नावांत झोल्तान आहे. त्यांतल्या बहुतेकांना आपण कोणाचे सुलतान, असा प्रश्नही पडत नसेल. अंगणातून आई हाक मारते, 'झोली', आणि मुलगा धावत घरात येतो. हजार वर्षांच्या प्रवासाला याहून चांगला मुक्काम कोणता असणार?