येसूवहिनींची आठवण
(बेलवली येथील श्रद्धांजली सभेतील भाषण)



आपले ज्येष्ठ सहकारी गेले. वहिनींचे सांत्वन कोणत्या शब्दांत करावे, मला सुचत नाही. १९०९ मध्ये बाबाराव सावरकरांना जन्मठेप झाली, तेव्हा तात्यारावांनी लंडनहून येसूवहिनींना ‘सांत्वन’ ही कविता पाठविली. दहा वर्षे पतिभेटीची वाट पाहून १९१९ मध्ये त्या निवर्तल्या. नारायणराव अंदमानात भेटीस गेले, तेव्हा बाबारावांना ती वार्ता समजली. अंत्यदर्शनही नाही!

आपल्याकडे तेराव्यापर्यंत घर माणसांनी भरलेले असते. चौदाव्या दिवशी कडी वाजत नाही. तेव्हा शाखा सुटल्यावर कोणीतरी वहिनींकडे जावे, हक्काने चहा मागावा आणि त्यांना आपल्या माणसाविषयी बोलू द्यावे. घाई करू नये.