नाचघरांतील पियानोवादक
(महोत्सवानिमित्त पॅरिशच्या गायकमंडळापुढें केलेलें भाषण)



परमपूज्य पोप दहावे पायस ह्यांनीं २२ नोव्हेंबर १९०३ रोजीं, म्हणजे संत सिसिलियेच्या सणाच्या दिवशीं, देवळांतील संगीताविषयीं आपलें सुप्रसिद्ध आज्ञापत्र काढलें. त्यांत पियानोस देवळांत मज्जाव झाला, ढोल आणि झांजा ह्यांसहि झाला. बँड देवळांत वाजवूं नये, बाहेर मिरवणुकींत मात्र परवानगीनें चालेल, असें ठरलें. ह्या आज्ञेच्या अवघे सहा आठवडे आधीं, ११ ऑक्टोबरास, अमेरिकेंतील व्हर्जिनिया प्रांतांत, पोकाहाँटस नांवाच्या कोळशाच्या खाणींच्या गांवीं, एका कृष्णवर्णीय कुटुंबांत एक मुलगा जन्मास आला. टेडी वेदरफर्ड हें त्याचें नांव. पाळण्यांतल्या त्या पोराच्या वाट्यास जें वाद्य यावयाचें होतें, त्यास देवळाचें दार असें आरंभींच बंद झालें. आज आम्ही ह्याच मनुष्याची हकीकत आपणांस सांगणार आहों.

बाराव्या वर्षीं तो न्यू ऑर्लिन्स शहरीं गेला व तेथें पियानो शिकला. पुढें शिकागो. तेथील व्हेंडोम नाट्यगृहांत अर्स्किन टेट ह्यांचा ऑर्केस्ट्रा वाजत असे. चित्रपट मुके होते, तेव्हां त्यांस वाणी द्यावयाची ती वादकांनींच. त्या ऑर्केस्ट्रांत पियानोवर वेदरफर्ड आणि ट्रंपेटवर लुई आर्मस्ट्राँग अशी जोडी होती, आणि १९२६ च्या मे महिन्यांत त्यांनीं एकत्र रेकॉर्डहि दिल्या. आर्मस्ट्राँग जगद्विख्यात झाला. वेदरफर्ड मात्र त्याच वर्षीं जॅक कार्टर ह्यांच्या बँडबरोबर आगबोटींत बसून आशियाकडे निघाला, आणि उरलेलें आयुष्य त्यानें मुख्यतः इकडेच काढलें. शांघाय शहरांत त्याचें बस्तान इतकें बसलें, कीं १९३४ सालीं तेथील कॅनिड्रोम नाचघरासाठीं बक क्लेटन ह्यांचा बँड अमेरिकेहून आणविण्याचें काम त्यानेंच केलें.

मुंबईस ताजमहाल हॉटेलांत १९३५ सालीं लिऑन ॲबी ह्यांचा बँड आला. त्यामागून क्रिकेट स्मिथ ह्यांचा. ह्या दुसऱ्या बँडांत वेदरफर्ड पियानोवर होता, आणि पुढें बँडाचें नायकत्वहि त्याच्याकडे आलें. मध्यंतरीं १९३७ सालीं पॅरिसला जाऊन त्यानें एकट्याच्या वादनाच्या रेकॉर्ड दिल्या.

नाचघरांतील पियानोवादकाचें काम काय, हें येथें थोडें उकलून सांगितलें पाहिजे. कारण तें हलकें काम आहे अशी पुष्कळांची समजूत दिसते. नाचणारा मनुष्य गाणें कानानें ऐकत नाहीं, पायानें ऐकतो. म्हणून डावा हात घड्याळासारखा चालला पाहिजे: खालीं एक खर्ज सूर, वर लगेच सुरांचा झुबका, पुन्हा खालीं, पुन्हा वर, आणि असें तासन्‌तास. उजव्या हातानें गाणें सांगावयाचें, आणि तें दर वेळीं निराळें सजवावयाचें. डोळे मात्र पडद्यांवर नसतात, ते नाचणाऱ्यांवर असतात. जोड्या थकल्या कीं वाल्ट्झ, मंडळी रेंगाळूं लागली कीं फॉक्सट्रॉट. समोर संस्थानिक असोत, साहेब असोत किंवा गिरणीमालक, कोणाचा पाय चुकला तर दोष बँडाचाच! आमच्या मतें ज्यानें हें वर्षानुवर्षें केलें, त्यास आळशी म्हणण्याचा अधिकार कोणास नाहीं.

ह्या बँडांतून आपले गोमंतकीय बंधूहि पुढें आले. गोव्याच्या पॅरिश-शाळांतून मुलांस सोलफा आणि व्हायोलिन शिकविण्याची परंपरा फार जुनी आहे. कागदावर लिहिलेले सूर हीं मुलें धडाधड वाचीत. जें कागदावर नाहीं, तें वाजविण्याची विद्या मात्र त्यांस वेदरफर्डसारख्यांकडून मिळाली. ट्रंपेटवादक फ्रँक फर्नांड हे त्याच्याच हाताखालीं तयार झाले. त्यांनीं पुढें १९६३ आणि १९६६ सालीं दोन कोंकणी चित्रपट काढले, ते आपल्यांतील वडील मंडळींनीं पाहिले असतील. देवळांत शिकलेली विद्या नाचघरांत गेली, तेथें तिला नवें अंग फुटलें, आणि ती परत आपल्याच भाषेंत आली.

आतां आपल्या घरची गोष्ट. महोत्सवाच्या तयारींत असा प्रश्न निघाला आहे, कीं जीं मुलें शनिवारीं रात्रीं लग्नाच्या हॉलमध्यें नाचाचें संगीत वाजवितात, त्यांस रविवारीं क्वायरमध्यें बसूं द्यावें काय? नको म्हणणाऱ्यांनीं १९०३ च्या आज्ञापत्राचा आधार घेतला आहे. तो आम्ही झिडकारीत नाहीं. परंतु त्यांत काय आहे तें नीट वाचावें. पियानोची बंदी त्यांत आहे. गायक धर्मशील आणि सदाचरणी असावेत, हेंहि आहे. सहा दिवस त्यानें पोट कोणत्या वाद्यावर भरावें, ह्याविषयीं त्यांत एक अक्षर नाहीं. शिवाय १९६३ सालीं दुसऱ्या व्हॅटिकन परिषदेनें ऑर्गनचा मान राखून इतर वाद्यांसहि, तीं उपासनेस योग्य असतील तर, अधिकाऱ्यांच्या संमतीनें वाट दिली आहे. तेव्हां मुलगा मिस्साला वेळेवर येतो कीं नाहीं, स्तोत्राची चाल फॉक्सट्रॉटसारखी पळवितो कीं काय, हें अवश्य पाहावें. आणि पळवीत असेल तर कान धरावा. त्याच्या शनिवारच्या मजुरीवर मात्र डोळा ठेवूं नये. कित्येक घरांत त्याच मजुरीवर धाकट्या भावंडांची फी भरली जाते.

वेदरफर्डची शेवटचीं वर्षें कलकत्त्यास गेलीं. तेथील ग्रँड हॉटेलांत त्याचा बँड वाजे. युद्ध चाललें होतें आणि शहर सैनिकांनीं गजबजलें होतें. आघाडीवर जाणारे आणि आघाडीवरून परतणारे एकाच फरशीवर नाचत. अमेरिकन व्यापारी जहाजांवर नोकरी करणारा जिमी विदरस्पून नांवाचा एक तरुण येथें ह्या बँडाबरोबर गाइला, आणि तो पुढें ब्लूज गाण्यांचा मोठा गायक म्हणून नांवारूपास आला. युरोपांतील युद्ध संपावयास तेरा दिवस उरले असतां, २५ एप्रिल १९४५ रोजीं, वेदरफर्ड कलकत्त्यांतच पटकीनें वारला. वय एकेचाळीस. ज्या गांवीं तो जन्मला तें गांव कोळशाचें, ज्या गांवीं वारला तें तागाचें. आणि मधल्या सर्व गांवीं लोक त्याच्या डाव्या हातावर नाचले.