अकोल्याचा सुधारक, बामाकोचा मलिक

आमच्या अम्मीचा एकच फोटो आहे. हजला जायचं ठरलं तेव्हा कागदपत्रांसाठी काढलेला. तोवर तिने साठी ओलांडली होती आणि कॅमेऱ्यासमोर ती कधी बसली नव्हती. मोहल्ल्यातली जुनी माणसं तसबीर काढणं गुनाह मानायची. हजच्या अर्जाला फोटो लागतो म्हटल्यावर तीच माणसं स्टुडिओत रांग लावायची, तो भाग वेगळा. मी अम्मीला जटपुरा गेटकडच्या एका स्टुडिओत घेऊन गेलो. मागे रंगवलेला पडदा, त्यावर धबधबा आणि दोन हंस. फोटोग्राफर म्हातारा होता आणि त्याला घाई नव्हती. त्याने दिवा सरकवला, ओढणी कपाळावरून जरा मागे घ्यायला सांगितली, कॅमेऱ्यामागे गेला, पुन्हा पुढे आला, पुन्हा मागे गेला. घरी येताना रिक्षात अम्मी म्हणाली, "इतनी देर तो तेरे अब्बा ने भी नहीं देखा मुझे." आणि ओढणी तोंडाला लावून हसत राहिली.

हे आठवण्याचं कारण २००७ साली वाचलेली एक बातमी. व्हेनिसच्या आंतरराष्ट्रीय कलाप्रदर्शनात जीवनगौरवाचा सुवर्णसिंह मलिक सिदिबे यांना मिळाला. एखाद्या छायाचित्रकाराला हा सन्मान पहिल्यांदाच मिळत होता आणि आफ्रिकेतल्या कलावंतालाही पहिल्यांदाच. सिदिबे पश्चिम आफ्रिकेतल्या माली देशाचे. बहुसंख्य मुसलमान वस्तीचा आणि आमच्या विदर्भासारखा समुद्राचं तोंड न पाहिलेला हा देश. सोलोबा नावाच्या खेड्यात गुरं राखणाऱ्या घरात त्यांचा जन्म झाला. चित्रं चांगली काढतो म्हणून पोरगा राजधानी बामाकोतल्या हस्तकलेच्या शाळेत गेला. तिथल्या एका फ्रेंच छायाचित्रकाराच्या दुकानाची सजावट करता करता धंदा शिकला. १९६० साली देश स्वतंत्र झाला, त्याच्या आगेमागे त्याने बागादाजी वस्तीत आपला स्टुडिओ थाटला.

या स्टुडिओत माणसं ठेवणीतले कपडे घालून येत. नवी मोटारसायकल घेतली की ती आत आणून तिच्यावर बसून फोटो काढून घेत, कोणी मेंढा घेऊन येई. मागे पट्ट्यापट्ट्यांचं कापड टांगलेलं असे. शनिवारी रात्री तरुण पोरंपोरी नाचगाण्यासाठी जमत, तिथे सिदिबे कॅमेरा घेऊन हजर. एका रात्रीत तीन-चार ठिकाणं करायची, परतल्यावर फिल्म धुवायची आणि स्टुडिओबाहेर छोट्या प्रती चिकटवून ठेवायच्या. पोरं येऊन आपापला फोटो शोधत. १९६३ सालचं त्यांचं एक छायाचित्र जगभर गाजलं आहे. नाताळच्या रात्री एक भाऊ आणि बहीण नाचताहेत, कपाळाला कपाळ जवळजवळ टेकलेलं. शिवाय सिदिबे कॅमेरे दुरुस्त करून द्यायचे. मला हा तपशील फार आवडतो. जगाने डोक्यावर घेतलेला माणूस गल्लीतल्या लोकांचे बिघडलेले कॅमेरे उघडून बसलेला असायचा.

या भाषणासाठी मला विषय विचारला तेव्हा मी सिदिबेंचंच नाव दिलं होतं. लिहायला बसलो आणि मनात आलं, बामाकोपर्यंत जाताना वाटेत अकोला लागतं की! सुधारक ओलवे हे नाव आपल्यातल्या किती जणांना माहीत आहे? त्यांना २०१६ साली पद्मश्री मिळाली. त्याच वर्षी एप्रिलमध्ये सिदिबे वारले.

ओलवे यांचा जन्म १९६६ सालचा, अकोल्याचा. १९८८ पासून ते मुंबईत वृत्तपत्रांसाठी छायाचित्रं काढू लागले. टाइम्स ऑफ इंडियात त्यांनी बरीच वर्षं काम केलं. वृत्तपत्राच्या छायाचित्रकाराचा दिवस कसा जातो, याची आपल्याला कल्पना आहे. मंत्री आले, पूल कोसळला, क्रिकेटचा सामना आहे, पाऊस तुंबला. सकाळी काढलेलं छायाचित्र दुसऱ्या दिवशी रद्दीत. हे सगळं करताकरता १९९०च्या दशकाच्या शेवटी ओलवे मुंबई महापालिकेच्या सफाई कामगारांबरोबर फिरू लागले. बातमीसाठी अर्धा तास उभं राहून निघून जाण्याजोगं ते काम नव्हतं. चौकीवर पहाटेच्या हजेरीला, कचऱ्याच्या गाडीवर, मॅनहोलच्या तोंडाशी आणि मग त्या कामगारांच्या घरात, असे ते पुन्हा पुन्हा गेले.

मुंबईत हे काम करणारी माणसं ३० हजारांच्या आसपास, आणि जवळजवळ सगळी दलित. एका माणसाच्या जागी त्याच्याच घरातलं दुसरं माणूस लागतं. लाड-पागे समितीच्या शिफारशींमुळे सफाई कामगारांना वारसाहक्काने नोकरी मिळते. बाप गेला की मुलगा, नवरा गेला की बायको. पगार चालू राहतो, मुंबईत डोक्यावर छप्पर राहतं, म्हणून ही सवलत सोडवत नाही. पण मुलगा बारावी झाला काय, बी. ए. झाला काय, हातात येतो तो झाडूच. सवलत आणि सापळा एकाच कागदावर, हे मी दुसरीकडे कुठे पाहिलेलं नाही. ज्यांना कायम नोकरी नाही ते कंत्राटदाराकडे, आणखी कमी पैशांत.

ओलवे यांची ही छायाचित्रं कृष्णधवल आहेत. मला वाटतं, रंगीत असती तर आपण कचऱ्याचेच रंग पाहत बसलो असतो. इथे नजर चेहऱ्यावरच जाते. अंगावर फक्त चड्डी असलेला माणूस गटारातून वर येतोय, खांद्यापर्यंत काळा. हातमोजे नसलेले हात कचऱ्याच्या ढिगात घुसलेले. आणि मग घरातली चित्रं, ज्यांच्यापाशी मी जास्त थांबतो. दहा बाय दहाची खोली, भिंतीवर बाबासाहेब, खाली पलंगावर आजारी माणूस आणि उंबऱ्यापाशी त्याची बायको. वासाने जेवण जात नाही म्हणून दारू आणि दारूने माणूस जातो म्हणून बायको त्याच्या जागेवर कामाला, ही साखळी त्या खोल्यांमधून दिसते. पुढे या छायाचित्रांचं 'इन सर्च ऑफ डिग्निटी अँड जस्टिस' हे पुस्तक झालं. नॅशनल जिऑग्राफिकचा 'ऑल रोड्स' सन्मान मिळाला. प्रदर्शनं परदेशांतही झाली. नंतर ओलवे महाराष्ट्रात जातीय अत्याचारात घरातलं माणूस गमावलेल्या कुटुंबांकडेही कॅमेरा घेऊन गेले.

एवढ्याने गटारात उतरणं थांबलं का? हाताने मैला उचलायला लावण्याविरुद्ध १९९३ साली कायदा झाला, २०१३ साली दुसरा, अधिक कडक. ऑक्टोबर २०२३ मध्ये सर्वोच्च न्यायालयाने गटारात मृत्यू आल्यास कुटुंबाला ३० लाख रुपये भरपाई द्यायला सांगितलं. भरपाईची रक्कम वाढवायची वेळ येते याचा अर्थ माणसं अजून उतरताहेत.

आता माझ्याबद्दल एक गोष्ट कबूल करतो. तिशीच्या आत असताना मी एक कविता लिहिली होती. सफाई करणाऱ्या बाईवर. विदर्भातल्या पुष्कळ कविसंमेलनांत ती वाचली, टाळ्या मिळाल्या. दोनदा तर "पुन्हा एकदा" असा आग्रह झाला. ओलवे यांची छायाचित्रं प्रथम पाहिली त्या रात्री मी ती कविता काढून वाचली. तिच्यात झाडू होता, पहाट होती, सूर्य होता, त्या बाईच्या कपाळावरचा घाम तर दोन ठिकाणी होता. बाई नव्हती. आमच्या गल्लीत रोज येणारी बाई डाव्या हाताने झाडते की उजव्या, हेही मला सांगता आलं नसतं. माझ्या शहरात, जिथे १६ ऑक्टोबर १९५६ ला बाबासाहेबांनी धम्मदीक्षा दिली तिथे, मी घामाची उपमा शोधत बसलो होतो.

दुसरीही एक चूक आहे. भामरागडला गेलो होतो, तीन नद्यांचा संगम पाहायला. बाजाराचा दिवस होता. माझ्याकडे तेव्हा नवा छोटा कॅमेरा. मोहफुलं घेऊन बसलेल्या एका माडिया बाईसमोर मी तो धरला. तिने काही म्हटलं नाही. ती फक्त वळली आणि पाठ करून बसली. मी पाठीचा फोटो काढला. तो अजून माझ्या कपाटात आहे, फेकवत नाही आणि कोणाला दाखवतही नाही. या पट्ट्यात बाहेरचे कॅमेरे फार आधीपासून येताहेत. इंद्रावतीच्या पलीकडे बस्तरात व्हेरिअर एल्विन आणि सुनील जाना यांनी मुरिया गोंडांची सुंदर छायाचित्रं काढली. ती आज पुस्तकांत आहेत. छायाचित्रातल्या किती जणांच्या हातात त्याची प्रत पडली असेल? सिदिबेंनीही पुढच्या काळात लोकांना पाठमोरं उभं करून छायाचित्रं काढली. पण ती माणसं स्टुडिओत स्वतःच्या पायांनी आली होती आणि फोटो घेऊन घरी जात होती. माझ्यासमोरच्या बाईने पाठ फिरवली ती मला नकार देण्यासाठी.

सिदिबेंकडची माणसं सजून आलेली. ओलवे यांची माणसं चिखलात उभी. यातला कोणता फोटो त्या माणसाचा खरा? पुष्कळ दिवस मला वाटायचं, ओलवे यांचाच. घाण दाखवल्याशिवाय घाणीबद्दल बोलणार कोण? आजही तसंच वाटतं, पण आता थोडं अडखळून. त्याला कारण आमच्या गल्लीतली तीच बाई. म्हणजे कवितेतली नव्हे, आता येते ती.

मागच्या उन्हाळ्यात एका सकाळी मी फाटकाशी गेलो, तिला पाणी दिलं आणि नाव विचारलं. नाव तिने सांगितलं, रेडिओवर घेऊ नका म्हणाली. वीस वर्षं झाली म्हणे या कामाला. आधी सासू होती, म्हणजे मी ज्यांच्यावर कविता केली त्या बहुधा हिच्या सासूबाई. मोबाइल हातातच होता. विचारलं, "ताई, एक फोटो काढू का तुमचा?"

तिने झाडू भिंतीला टेकवला, स्वतःच्या साडीकडे पाहिलं.

"आज कायले काढता भाऊ? असा घाणीतला फोटो लेकरं पायतीन तं काय म्हणतीन? रविवारी येतो ना मी, साडी बदलून."

रविवारी ती आली. हिरवी साडी, केसात अबोली, सोबत धाकटी मुलगी. घरात पडदा नव्हता म्हणून बायकोने पलंगावरची चादर भिंतीवर टांगली. मी मोबाइल धरला, मग तो खाली ठेवून खिडकी उघडली, पुन्हा धरला. मुलगी म्हणाली, "आई, हनुवटी वर कर." बराच वेळ गेला. एक प्रत आता त्यांच्याकडे आहे, फ्रेम करून. दुसरी प्रत ठेवू का म्हणून विचारलं तर ती म्हणाली, "तुमाले काय करायची?"