बांधावरची एकदांडी



मी वनस्पतिशास्त्रज्ञ बाईंवर बोलणार, हे ऐकून आमचे काही साथी हसले. सातवीत शाळा सुटलेल्या, साखर कामगारांच्या युनियनमध्ये वय झालेल्या माणसाचा फुलांशी संबंध काय? संबंध आहे. ज्याचे नाव हजेरीपटावर नाही त्याला हक्क नाही, हे मी तीस वर्षे पाहतो आहे. रानफुलांचेही तसेच. नाव ठाऊक नसले की आपण त्याला तण म्हणतो आणि उपटतो.

अशा बिनहजेरीच्या वनस्पतींची ओळख साध्या मराठीत करून देण्यात डॉ. हेमा साने यांनी आयुष्य वेचले. त्यांचा जन्म १९४० चा. पुण्याच्या गरवारे महाविद्यालयात त्यांनी वनस्पतिशास्त्र शिकविले. प्राच्यविद्येचाही अभ्यास केला. सेवानिवृत्त झाल्यावरही लेखणी खाली ठेवली नाही. २०२५ साली त्या गेल्या.

बुधवार पेठेतील जुन्या वाड्यात त्या विजेवाचून राहिल्या. इथे मी जरा अडखळतो. चाळीत दिवे यावेत म्हणून आम्ही मोर्चे काढले आहेत. लादलेल्या अंधाराचे कौतुक माझ्याने होणार नाही. पण बाईंचा अंधार लादलेला नव्हता. प्राध्यापकाचा पगार होता, भोवती शहर झगमगत होते. आपली गरज किती, हे त्यांनी स्वतः ठरविले. हा अधिकार कष्टकऱ्यालाही हवा.

आता आपल्या बांधावर या. ही एकदांडी, आपण हिला दगडी पालाही म्हणतो. मूळची अमेरिकेतली, पण इथलीच झाली. ऊसतोडीत कोयता लागला की बाया हाच पाला चुरगळून जखमेवर दाबतात. दांडीवर एकच फूल दिसते. भिंग लावून पाहा: ते एक फूल नव्हे, पुष्कळ बारीक फुले दाटीने एकत्र बसलेली आहेत. एकेकट्या फुलाकडे माशीही वळली नसती. युनियन म्हणजे तरी दुसरे काय?

कोणी विचारील, रानगवताचा उपयोग काय? त्याने आपला ऊस पाहावा. कोइमतूरच्या संशोधकांनी जाड, गोड उसाचा संकर नदीकाठी पांढरे तुरे काढणाऱ्या रानगवताशी केला, तेव्हा काटक जाती मिळाल्या. जानकी अम्माळ या विदुषींनी १९३० नंतरच्या काळात तेथेच उसाच्या अशा संकरांवर काम केले. ज्या गवताला आपण काडी लावतो, त्याच्या रक्ताच्या नात्यावर आपले कारखाने उभे आहेत!

म्हणून एकच मागणी करतो, आणि ही मागणी मालकाकडे नाही, आपल्याकडेच आहे. येत्या पावसाळ्यात खुरपणी सुरू होण्याआधी खुरपणाऱ्या आयाबहिणींना प्रत्येक रोपाचे नाव विचारा. त्यांना ती नावे येतात. कोणी विचारीत नाही एवढेच. मुलांनी ती वहीत उतरवावीत. बांधाचा तो पहिला हजेरीपट होईल, आणि त्यात सांगणारीचे नावही लिहायला विसरू नका.