शेवटचा पगार, पहिली पेन्शन



मी एका जिल्हा मध्यवर्ती सहकारी बँकेत बत्तीस वर्षे नोकरी केली. कारकुनापासून शाखाधिकाऱ्यापर्यंत सगळ्या खुर्च्यांवर बसलो आणि ३१ मे २०१३ रोजी निवृत्त झालो. शेवटचा पगार अठ्ठावीस हजारांच्या घरात होता. पहिली पेन्शन जमा झाली ती अडीच हजारांच्या आत. पासबुक भरून देणारा कारकून माझ्याच हाताखाली तयार झालेला. तो म्हणाला, "साहेब, एखादा आकडा राहिला असेल." मलाही तसेच वाटले, पण हिशेब बरोबर होता.

बँकेतला माणूस म्हटला, की भरपूर पेन्शन असणार, असा लोकांचा समज असतो. राष्ट्रीयीकृत बँकांच्या बाबतीत तो बराचसा खरा आहे. तिथे १९९३ च्या करारातून पेन्शन आली. पूर्ण नोकरी झालेल्याला शेवटच्या दहा महिन्यांच्या सरासरी पगाराच्या निम्मी रक्कम आणि वर महागाईची भर. सहकारी बँकेच्या पाटीवरही 'बँक' असेच लिहिलेले असते. पण आमच्यापैकी बहुतेकांना लागू झाली ती १६ नोव्हेंबर १९९५ ची कर्मचारी पेन्शन योजना. साखर कारखान्यातल्या कामगाराची जी, तीच आमची.

या योजनेत मालकाच्या वाट्यातले ८.३३ टक्के पेन्शन फंडात जातात; पण पूर्ण पगारावर नव्हे, सरकारने ठरवलेल्या मर्यादेवर. ती मर्यादा २००१ पासून ६५०० रुपये होती. १ सप्टेंबर २०१४ पासून १५ हजार झाली. म्हणजे माझा पगार कितीही वाढला, तरी महिन्याला ५४१ रुपयेच पेन्शनच्या खात्यात पडत होते. आता ६५०० ला १८ वर्षांनी गुणा आणि ७० ने भागा. उत्तर येते १६७१ रुपये. १९९५ पूर्वीच्या नोकरीचा थोडा लाभ त्यात मिळवला, की झाली माझी पेन्शन. तिला महागाई भत्ता नाही. उरलेले पैसे कुणी खाल्ले असे नाही. ते प्रॉव्हिडंट फंडात गेले, निवृत्तीच्या वेळी मिळाले आणि मुलीच्या लग्नात व घराच्या स्लॅबमध्ये संपले.

मग तंटा कशाचा? १९९६ मध्ये या योजनेत एक तरतूद आली होती. मालक आणि कर्मचारी या दोघांनी मिळून अर्ज केला, तर पूर्ण पगारावर वर्गणी भरून जास्त पेन्शन घेता येत होती. आम्हाला हे कुणी सांगितले नाही आणि खरे सांगायचे तर आम्हीही विचारले नाही. ४ नोव्हेंबर २०२२ रोजी सर्वोच्च न्यायालयाचा निकाल आला. १ सप्टेंबर २०१४ नंतर नोकरीत राहिलेल्यांना पुन्हा संधी मिळाली. त्यापूर्वी असा अर्ज न करता निवृत्त झालेल्यांना नाही. मी पंधरा महिन्यांनी हुकलो.

माझा एक सहकारी २०१५ मध्ये निवृत्त झाला. त्याने मुदतीत अर्ज केला. बँकेकडे १९९५ पासूनचा पगाराचा तपशील मागितला गेला. जुनी शाखा दुसऱ्या शाखेत विलीन झालेली, दप्तर गोदामात, निम्मे वाळवीने खाल्लेले. वहिनींनी पगाराच्या चिठ्ठ्या वर्षवार बांधून ट्रंकेत ठेवल्या होत्या, म्हणून काम निभावले. पुढे फरकाची रक्कम व्याजासह भरण्याचे पत्र आले. वहिनींनी विचारले, "अहो, आधी एवढे भरायचे, मग ते परत मिळेपर्यंत आपण दोघे असू का?" या प्रश्नाचे उत्तर कुठल्याच परिपत्रकात नाही. शेवटी त्याने मुदत ठेव मोडली.

काही बँकांनी स्वतःच्या पेन्शन योजना सुरू केल्या होत्या. पंजाबातल्या राज्य सहकारी कृषी विकास बँकेने १९८९ मध्ये अशी योजना आणली आणि पैसा नाही म्हणून २०१४ मध्ये ती काढून घेतली. जानेवारी २०२२ मध्ये सर्वोच्च न्यायालयाने सांगितले, की एकदा मिळालेला हक्क मागच्या तारखेपासून नियम बदलून हिरावता येत नाही आणि पैशांची अडचण हा त्यावरचा बचाव नव्हे. पेन्शन ही संचालक मंडळाची मेहेरबानी नाही, एवढे त्यातून आमच्यासारख्यांना कळले.

म्हणून आज नोकरीत असलेल्यांना माझे सांगणे आहे. आपली वर्गणी किती पगारावर कापली जाते, हे आजच विचारा. नावाचे स्पेलिंग, जन्मतारीख, रुजू झाल्याची तारीख आणि वारसाची नोंद तपासा. पगाराच्या चिठ्ठ्या जपा. अर्ज दिला, तर पोच घ्या.

पीककर्जाच्या कागदावर अंगठा उठवणाऱ्या शेतकऱ्याला मी बत्तीस वर्षे सांगत आलो, "बाबा, आधी नीट समजून घे, मग अंगठा कर." स्वतःच्या पेन्शनच्या कागदावर मात्र न वाचता सही केली. तुम्ही तसे करू नका.



(आकाशवाणीवरील भाषणाचा संपादित भाग)