अनोळखी डीएलएल फाइल ओळखताना
विंडोज संगणकात 'व्हीसीरनटाइम140 डॉट डीएलएल' असं नाव दिसलं, की मनात शंका येते: हा व्हायरस तर नाही? घाबरू नका. डीएलएल म्हणजे अनेक प्रोग्रॅमनी मिळून वापरायची फाइल. वाड्यातल्या सामायिक विहिरीसारखी. या नावाची मूळ फाइल मायक्रोसॉफ्टच्या व्हिज्युअल सी प्लस प्लस संचातली असते.

मग तुमच्याकडची फाइल खरी कशी ओळखायची? फाइलवर राइट क्लिक करून प्रॉपर्टीज उघडा. 'डिटेल्स'मध्ये उत्पादनाचं नाव आणि आवृत्ती दिसते. पण नाव कुणीही लिहू शकतं. भक्कम पुरावा म्हणजे 'डिजिटल सिग्नेचर्स'मधली वैध सही. विंडोजच्या अनेक मूळ फाइलींची सही स्वतंत्र कॅटलॉगमध्ये असते. म्हणून हा टॅब दिसला नाही, तरी फाइल लगेच खोटी ठरत नाही. अशा वेळी अँटिव्हायरसनं तपासा.

शंका आली म्हणून फाइल पुसू नका. तिच्यावर अवलंबून असलेले प्रोग्रॅम बंद पडतील. आणि हरवलेली फाइल भलत्याच संकेतस्थळावरून कधीही आणू नका. मायक्रोसॉफ्टच्या अधिकृत संकेतस्थळावरून पूर्ण संचच पुन्हा बसवा. आधी ओळख, मग कृती, एवढं लक्षात ठेवा.