घटस्फोटाचा वाद आणि मध्यस्थी



१९५५ चा हिंदू विवाह कायदा जैनांनाही लागू आहे. त्यामुळे पंचांसमोर मुद्रांकावर लिहिलेली फारकत न्यायालयात सहसा टिकत नाही आणि पुनर्विवाहाच्या वेळी मुलीची कुचंबणा होते. पंचांनी समेट जरूर घडवावा. तो अशक्यच असेल तर उभयतांना कुटुंब न्यायालयातील मध्यस्थाकडे पाठवावे. तेथील बोलणे गोपनीय राहते, पुराव्यात येत नाही. पोटगी, मुलांचा ताबा, भेटीचे दिवस, स्त्रीधन हे सारे तडजोडपत्रात स्पष्ट लिहावे. दागिन्यांची यादी आधी करावी. बोलणी बहुधा तिथेच अडतात! वर्षभर विभक्त राहिलेल्यांना कलम १३-ब अन्वये संयुक्त अर्ज करता येतो. पुढील सहा महिन्यांची प्रतीक्षा योग्य प्रकरणी न्यायालय माफ करू शकते, असा सर्वोच्च न्यायालयाचा २०१७ चा निर्णय आहे. मात्र हुकूमनामा हाती येईपर्यंत कोणत्याही पक्षाने नवे स्थळ पाहू नये.